आक्रीत आणि असंगत : किल्लारीच्या निमित्ताने

मराठी समीक्षेत 'असंगत' हा शब्द रुळला तो पाश्चात्त्य नाटकांच्या चर्चेतून. बेकेट, आयनेस्को यांची नाटके आपल्याकडे वाचली जाऊ लागली, कामूच्या निबंधांची ओळख झाली आणि 'ॲब्सर्ड'ला प्रतिशब्द म्हणून 'असंगत' पुढे आला. त्याच्या मागोमाग 'न-नाट्य' आले, 'अतिवास्तव' आले. शब्दांबरोबर एक समजूतही आली. जगण्याची संगती तुटणे हा महानगरातल्या एकाकी, शिकलेल्या माणसाचा विकार आहे, अशी ती समजूत. विलास सारंगांच्या 'सोलेदाद'मधल्या (१९७५) कथांची चर्चा होताना 'महानगरी संवेदना' हे शब्द सहजपणे वापरले गेले. खेड्याच्या वाट्याला मात्र वास्तववाद आला. दुष्काळ, सावकार, जात, पाटलाचा वाडा, कोरडी विहीर. खेड्यातला माणूस दुःखी असू शकतो, शोषित असू शकतो. पण एका सकाळी सारे जगच त्याला अनोळखी होऊ शकते, हे प्रस्थापित समीक्षेने फारसे गृहीत धरले नाही.

आमचे म्हणणे याच्या उलट आहे. रोजच्या जगण्यात अचानक घुसणाऱ्या विपरीताला खेड्यातल्या मराठीत फार जुना शब्द आहे. तो शब्द 'आक्रीत'. शेळीला दोन तोंडांचे करडू झाले, भर उन्हाळ्यात ओढ्याला पूर आला, मेला म्हणून दिवस घातलेला माणूस दारात येऊन उभा राहिला, की आमच्याकडची म्हातारी माणसे 'काय आक्रीत म्हणावं' असे म्हणतात. असंगत हा विचाराचा शब्द आहे, आक्रीत हा घटनेचा. असंगत एकट्याला जाणवते आणि त्याला गप्प करते. आक्रीत सगळ्या गावावर येते आणि ते कुणाला तरी सांगावे लागते. सांगणारा आणि ऐकणारा असल्याशिवाय त्याचे आक्रीतपणच सिद्ध होत नाही.

या शब्दाचे आणखी एक वैशिष्ट्य आहे. तो कारण मागत नाही. याच घरातले आणखी दोन शब्द पाहा : 'गजब' आणि 'कहर'. दोन्ही अरबीतून फारसी-उर्दूच्या वाटेने मराठीत आले. मुळात गजब म्हणजे क्रोध आणि कहर म्हणजे दडपून टाकणारा कोप. म्हणजे दोन्ही शब्दांच्या मागे कोपणारा कुणीतरी आहे. पण मराठी माणूस 'गजब झाला' म्हणतो तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे कोपणारा नसतो, फक्त झालेली गोष्ट असते. बोलणाऱ्यांनी शब्दातला शिक्षा देणारा बाजूला ठेवला आणि अचंबा तेवढा जपला. साहित्याच्या दृष्टीने ही मोठी गोष्ट आहे. ती का, हे पाहण्यासाठी आम्ही किल्लारीकडे जाणार आहोत. आमच्या भागात आक्रीत या शब्दाला इतका मोठा प्रसंग दुसरा आला नाही.

पांढरीवरचे आक्रीत

३० सप्टेंबर १९९३. गुरुवारची पहाट. अनंत चतुर्दशीचे विसर्जन उरकून गावे उशिरा झोपली होती. तीन वाजून छप्पन्न मिनिटांनी जमीन हादरली. भूकंपाची तीव्रता ६.२ ते ६.४ नोंदवली गेली. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद, म्हणजे आताच्या धाराशिव, जिल्ह्यांतली किल्लारी, सास्तूर, मंगरूळ, होळी यांसारखी गावे काही सेकंदांत बसली. मृतांचा सरकारी आकडा आठ हजारांच्या जवळ आहे. इतर काही नोंदींत तो साडेनऊ हजारांच्या वर जातो. पूर्ण नष्ट झालेली आणि दुसरीकडे वसवावी लागलेली गावे ५२.

हे आकडे सर्वांना माहीत आहेत. आकड्यांच्या खाली जे उलटेपालटे झाले, त्याकडे आम्हांला लक्ष वेधायचे आहे.

पहिली उलटापालट घराची. आमच्या भागातले घर माळवदाचे. दगड-मातीच्या दोन-दोन, तीन-तीन फूट रुंद भिंती, वर लाकडी तुळया, त्यांवर फळ्या किंवा किलच्या आणि त्यावर मातीचा जाड थर. दरवर्षी पावसाळ्याआधी गळती लागू नये म्हणून माळवदावर माती टाकायची. वर्षे जातील तसा थर वाढत जायचा. जेवढी भिंत जाड तेवढे घर थंड, तेवढे ते चोरापासून सुरक्षित आणि तेवढी घरधन्याची पत मोठी. त्या पहाटे मातीत बांधलेले दगड सुटले आणि पिढ्यान्‌पिढ्या वर चढवलेली माती अंगावर आली. माणसांना मारले ते त्यांनीच जपलेल्या घराने. काही ठिकाणी लाकडी खणांचे सांगाडे उभे राहिले आणि भिंती तेवढ्या बसल्या.

दुसरी उलटापालट पतीची. ज्याचा वाडा मोठा त्याच्यावर ओझे मोठे. गावाबाहेर कुडाच्या, गवताच्या, पत्र्याच्या छपरात राहणारा, ज्याला गावाने घर कधी म्हटलेच नाही, त्याच्या अंगावर पडायला फारसे काही नव्हते. शेतात जागलीला गेलेला वाचला, घरी उबेला झोपलेला गेला. कष्ट टाळणाऱ्याला सुख आणि कष्ट करणाऱ्याला दुःख, ही रोजची तक्रार एका रात्रीपुरती उलटी झाली. त्यात न्याय होता असे म्हणण्याचे धाडस कुणी करणार नाही. त्यात न्यायही नव्हता आणि अन्यायही नव्हता. असंगत म्हणतात ते याहून वेगळे काय असते?

तिसरी उलटापालट ज्ञानाची. दख्खनचे पठार म्हणजे काळा पाषाण. त्याच्यासारखे भरवशाचे काही नाही, अशी शाळेपासूनची शिकवण. देशाच्या भूकंपप्रवणतेच्या नकाशात हा भाग पहिल्या विभागात, म्हणजे सर्वांत कमी धोक्याच्या पट्ट्यात होता. पुढे संशोधकांनी किल्लारीजवळ खोल विंधनविवर घेतले, तेव्हा काळ्या पाषाणाची जाडी ३३८ मीटर भरली आणि त्याच्या तळाशी प्राचीन ग्रॅनाइटी खडक लागला. भेग त्या जुन्या खडकाच्या पोटात होती. वर तिची खूण म्हणजे गावाजवळच्या शेतात सुमारे किलोमीटरभर उमटलेली जमिनीची सुरकुती. २००२ साली सुधारलेल्या नकाशातून पहिला विभागच काढून टाकण्यात आला. म्हणजे देशात निर्धास्त अशी जागा उरली नाही, हे कागदावर मान्य झाले. कुणी निम्न तेरणा धरणाच्या पाण्याकडे बोट दाखवले, त्यावर वाद झाले. आणि हे सारे अगदी न सांगता आले असेही नव्हते. १९९२ च्या ऑगस्टपासून ऑक्टोबरपर्यंत किल्लारीला हादरे बसले होते. माणसे घाबरली, बाहेर झोपली, आणि जमीन शांत झाल्यावर पुन्हा भिंतींच्या आत गेली. जगण्याची सवय भीतीपेक्षा चिवट असते.

आमच्याकडे गावाचे दोन भाग मानतात : काळी आणि पांढरी. काळी म्हणजे पिकाची जमीन, पांढरी म्हणजे वस्तीची. काळी लहरी असते. ती कधी देते, कधी बुडवते, हे शेतकरी धरूनच चालतो. भरवसा असतो तो पांढरीवर. किल्लारीत काळीवरची पिके जागच्या जागी राहिली आणि पांढरी उलटली. मराठी ग्रामीण साहित्याचा सारा विचार काळीच्या बेभरवशाभोवती उभा आहे. 'बनगरवाडी'त (१९५५) गाव ओस पडते ते दुष्काळाने; तो धोका त्या जगाला ओळखीचा आहे. पांढरीच दगा देईल, या शक्यतेसाठी आपल्या ग्रामीण वास्तववादाकडे भाषाच तयार नव्हती.

काय लिहिले गेले

किल्लारीवर मराठीत पुष्कळ लिहिले गेले. वृत्तपत्रांनी लिहिले, कवींनी लिहिले, संमेलनांतून कविता वाचल्या गेल्या. अतुल देऊळगावकर यांनी लातुरात राहून भूकंपाचा, घरबांधणीचा आणि पुनर्वसनाचा पिच्छा पुरवला. त्यांचे 'डळमळले भूमंडळ' हे आजही या विषयाकडे वळणाऱ्याने प्रथम हाती घ्यावे असे पुस्तक आहे. त्या लेखनाचा पिंड अभ्यासकाचा आहे. आमची तक्रार आहे ती ललित लेखनाविषयी.

भूकंपावरचे ललित लेखन बहुतेक वेळा दोन साच्यांत गेले. एक साचा करुणेचा. ढिगारा, हंबरणारी गाय, अनाथ लेकरू, कपाळ पुसलेली बाई, आणि शेवटी मदतीला धावलेले हात. दुसरा साचा दोषारोपाचा. निसर्गाचा कोप, माणसाचे पाप, शासनाची अनास्था, मदतीत हात धुऊन घेणारे. दोन्हींत खोटे काही नाही. पण दोन्ही साचे घटनेला लगेच कुठल्या तरी ओळखीच्या खणात ठेवून देतात. करुणा सांगते, रडा. दोषारोप सांगतो, चिडा. आक्रीत यांतले काहीच सांगत नाही. ते आधी थांबवते आणि पाहायला लावते.

उदाहरणच घ्यायचे तर मंगरूळचे घ्या. भूकंपानंतर पाचव्या दिवशी जवानांना तिथल्या ढिगाऱ्याखाली दीड वर्षाची मुलगी जिवंत सापडली. तिच्यावर पलंग होता म्हणून ती वाचली. वृत्तपत्रांनी या घटनेचा चमत्कार केला. कवी असेल तर तो आशेचे प्रतीक करील. पण त्या पाच दिवसांत त्या पलंगाखाली काय होते? अंधार, पाऊस, वरून चाललेली पावले. आई-बापाच्या भाषेतले मोजके शब्द येत असलेल्या लेकराला दिवस म्हणजे काय आणि रात्र म्हणजे काय, हे कळायलाही मार्ग नव्हता. प्रतीक करण्याची घाई केली की हे सारे हातातून निसटते. साधा लाकडी पलंग, जो भिंतीला लावून ठेवलेला असतो आणि ज्याची कुणी दखल घेत नाही, तोच एका जिवाचे माळवद झाला. आक्रीत त्या पलंगात आहे.

इथे एक आक्षेप येईल. हजारो माणसे मेली त्या घटनेला आक्रीत म्हणणे, असंगताच्या चष्म्यातून पाहणे, ही शोकाची थट्टा नव्हे काय? हा आक्षेप मंटोवरही घेतला गेला होता. फाळणीच्या कत्तलींवर त्यांनी 'सियाह हाशिये' (१९४८) या पुस्तकात अगदी छोटे, कोरडे, विनोदासारखे वाटणारे तुकडे लिहिले, तेव्हा पुरोगामी गोटातूनच त्यांच्यावर टीका झाली. काळाने निकाल मंटोंच्या बाजूने दिला. त्या काळातल्या अश्रूंनी भिजलेल्या कित्येक कथा आज वाचवत नाहीत, आणि मंटोंचे ते तुकडे अजून हात भाजतात. याचे कारण मंटो वाचकाला काय वाटायला हवे ते सांगत नाहीत.

जगाने भूकंपाचे काय केले

लिस्बनला १७५५ साली १ नोव्हेंबरला, सर्व संतांच्या सणादिवशी, लोक चर्चमध्ये असताना भूकंप झाला. व्हॉल्तेअरने त्यावर आधी कविता लिहिली आणि मग 'कांदीद' (१७५९). जे होते ते भल्यासाठीच, या त्या काळच्या तत्त्वज्ञानाची त्याने टर उडवली. पण व्हॉल्तेअरचे लक्ष वादावर होते. भूकंप त्याच्या हातात एक युक्तिवाद झाला.

त्याहून खोल गेला क्लाइस्ट. १८०७ साली प्रसिद्ध झालेली त्याची कथा १६४७ च्या सांतियागोतल्या भूकंपाची आहे. समाजाने गुन्हेगार ठरवलेले एक प्रेमी जोडपे. तिला वधासाठी नेले जात आहे, तो तुरुंगात गळफास घेण्याच्या तयारीत आहे. त्याच क्षणी शहर कोसळते आणि दोघे सुटतात. शहराबाहेर सगळे लोक एक झालेले, कुणी कुणाला जात-कूळ विचारत नाही. दुसऱ्या दिवशी आभार मानायला दोघे चर्चमध्ये जातात. तिथे धर्मोपदेशक भूकंपाचे खापर पापावर फोडतो, जमाव त्यांना ओळखतो आणि ठार मारतो. भूकंपाने वाचवलेल्यांना स्पष्टीकरणाने मारले. कारण शोधण्याची घाई किती घातक असते, याचा इतका थंड पुरावा दुसऱ्या कुठल्या कथेत आम्हांला दिसला नाही.

आपल्या काळातले उदाहरण जपानचे. १७ जानेवारी १९९५ ला कोबेला भूकंप झाला. हारुकी मुराकामी यांनी त्या निमित्ताने सहा कथांचा संग्रह लिहिला (२०००). त्यातली एकही कथा कोबेत घडत नाही. भूकंप दूर कुठेतरी झालेला आहे आणि त्याची भेग दुसऱ्याच शहरातल्या, दुसऱ्याच माणसाच्या घरात उमटते. एका कथेत बँकेची थकीत कर्जे वसूल करणारा एक सामान्य कर्मचारी संध्याकाळी घरी येतो, तर एक प्रचंड बेडूक त्याची वाट पाहतो आहे. बेडूक त्याच्यासाठी चहा करतो आणि अदबीने सांगतो की टोकियोच्या पोटात एक महाकाय किडा जागा झाला आहे, त्याच्याशी लढायला तुमची मदत हवी. विचित्र आहे, पण त्यात वाचकाला धरून ठेवतात ते चहा आणि थकीत कर्ज. काफ्काच्या 'मेटॅमॉर्फसिस'मध्येही (१९१५) हेच आहे. कीटक होऊन जागा झालेल्या ग्रेगोरला पहिली काळजी पडते ती चुकलेल्या गाडीची आणि कचेरीतल्या वरिष्ठाची. विपरीत कितीही मोठे असो, माणूस त्यात आपली रोजची काळजी घेऊनच शिरतो.

मराठीत हे सर्वांत नेमके कळले ते सतीश आळेकरांना. 'महानिर्वाण'मध्ये (१९७४) भाऊराव मरतात आणि तरी बोलत राहतात. त्यांचा हट्ट एवढाच, की मला जुन्याच स्मशानात जाळा. नाटक हसवते; पण त्या हसण्याखाली एक कडवट प्रश्न आहे. मेल्यानंतरही माणसाला आपली नेहमीची जागा का हवी असते? किल्लारीत हा प्रश्न नाटकाबाहेर आला. इतकी प्रेते आणि वर पाऊस. सरपण कुठून आणायचे? पडलेल्या घरांच्या तुळया, खांब, दारे ओढून काढली गेली आणि सामूहिक चिता रचल्या गेल्या. आयुष्यभर ज्या तुळयांखाली माणसे झोपली त्याच त्यांच्या सरणाला लागल्या. आळेकरांच्या भाऊरावांचा हट्ट धरायला इथे कुणाला सवड नव्हती. दफनालाही नाही आणि दहनालाही नाही.

आक्रीत लांबते तेव्हा

भूकंप किल्लारीत एक मिनिटही टिकला नाही. आमच्या मते किल्लारीचे खरे आक्रीत त्यानंतर सुरू झाले आणि ते कित्येक वर्षे चालले. दुर्दैवाने ललित लेखन तोवर तिथून निघून गेले होते.

पत्र्याच्या शेडांपासून सुरुवात करू. तात्पुरता निवारा म्हणून शेड आले. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात पत्र्याखाली दुपार काढणे म्हणजे काय, हे आमच्या वाचकांना सांगायला नको. मग १९९४ पासून जागतिक बँकेच्या कर्जाच्या मदतीने पुनर्वसनाचा मोठा कार्यक्रम सुरू झाला. काही गावे स्वयंसेवी संस्थांनी आणि उद्योगांनी दत्तक घेतली. नव्या जागी नवी गावे आखली गेली. घर किती मिळणार हे जमिनीवर ठरले. भूमिहीन आणि एक हेक्टरपर्यंत जमीन असलेल्यांना २५० चौरस फूट, एक ते सात हेक्टरवाल्यांना ४००, सात हेक्टरच्या वर असलेल्यांना ७५०. ज्या पहाटेने पत उलटी केली होती तिच्यानंतर पतीची मोजपट्टी पुन्हा सरळ झाली, आणि या वेळी ती फुटांत लिहिलेली होती. क्लाइस्टच्या कथेतली दुसरी सकाळ अशीच असते. भूकंप व्यवस्था मोडतो, आणि मोडलेली व्यवस्था माणसांआधी उभी राहते.

नवी गावे सरळ रेषांची. रुंद रस्ते, एकासारखे एक घर, काटकोनात वळणारे कोपरे. जुन्या गावात बोळ होते, वेस होती, पार होता. भिंतीला भिंत होती म्हणून उसनवार होती आणि भांडणही होते. नव्या गावात रस्ता ओलांडून शेजार शोधावा लागला. काहींची शेते लांब पडली. आणि सर्वांवर कडी म्हणजे, ज्या स्लॅबच्या घरासाठी एरवी माणसाने जन्म घालवला असता, ते मिळाल्यावर त्याखाली झोप येईना. किती तरी कुटुंबांनी पक्क्या घरात धान्य ठेवले आणि स्वतः बाहेर अंगणात, नाहीतर शेजारी उभारलेल्या पत्र्याखाली अंथरूण टाकले. घर धान्यासाठी आणि अंगण माणसासाठी. असंगत नाटकाचा एखादा प्रवेश याहून वेगळा नसतो. फक्त तो दोन तासांत संपतो.

आणि गाव कुठे आहे? नाव तेच, सातबारा तोच, मारुती-दर्गा नव्या जागी. जुन्या जागेवर पडके चौथरे आणि काटेरी झुडपे. इथे मंटोंची 'टोबा टेक सिंह' (१९५५) आठवल्याशिवाय राहत नाही. फाळणीनंतर वेड्यांची देवाणघेवाण व्हायची आहे. बिशनसिंग एकच विचारतो, की माझे गाव कुठे आहे, हिंदुस्थानात की पाकिस्तानात? गाव जागचे हललेले नाही, तरी ते कुठे आहे हे कुणाला सांगता येत नाही. शेवटी तो दोन्ही देशांच्या मधल्या, कुणाचीच नसलेल्या जमिनीवर कोसळतो. किल्लारीचा मामला याच्या उलट्या बाजूने तोच आहे. टोबा टेक सिंह जागेवर राहिले आणि त्याचा पत्ता बदलला. किल्लारीचा पत्ता तोच राहिला आणि जागा बदलली. 'गावाला जातो' असे म्हणणारा म्हातारा नेमका कुठे निघाला आहे, हे त्याच्या नातवाला विचारावे लागते. या एका वाक्यावर मराठीत मंटोंच्या तोडीची कथा होऊ शकते. आमच्या वाचनात ती आलेली नाही.

खोटे आक्रीत, खरे आक्रीत

मार्केझच्या कादंबऱ्या आपल्याकडे पोहोचल्यावर 'जादुई वास्तववादा'ची एक लाट मराठीत आली. उडणाऱ्या बायका, बोलणारी झाडे, रक्ताचा पाऊस. त्यातले बरेचसे उसने होते. कारण आपल्याकडे हा धागा मुळात तुटलेलाच नव्हता. मुक्ताबाईंचा मुंगीचा अभंग, एकनाथांची भारुडे, उत्तरेत कबीराच्या उलटबासी; उलट्या जगाची ही भाषा वारकऱ्याला आणि गोंधळ्याला पाठ होती. पैठण आमच्याच मराठवाड्यातले. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी 'योगसंग्राम' लिहिला तो याच संतपरंपरेत बसून. दुसऱ्या बाजूला दास्तानांचे तिलिस्म होते. तिथे एक पाऊल पुढे टाकले की जगाचे नियमच बदलतात, आणि नायकाला त्या बदललेल्या नियमांनीच वाट काढावी लागते. उर्दूत इंतिज़ार हुसेन यांनी 'आख़री आदमी'सारख्या कथेत हा जुना साठा घेऊन आजच्या माणसाची गोष्ट सांगितली.

मराठवाड्याच्या कथेतही नमुना आहे. भास्कर चंदनशिवांच्या 'लाल चिखल'मध्ये भाव पडल्यामुळे बाप भर बाजारात स्वतःचे टोमॅटो पायांखाली तुडवतो. कथा पूर्ण वास्तववादी आहे. शेतमालाच्या भावाविषयी आहे. पण तो तुडवण्याचा क्षण आक्रीताचा आहे. पिकवणारा माणूस पीक तुडवतो तेव्हा रोजच्या जगाची शिवण उसवते. म्हणून ती कथा शाळेत वाचलेल्यांनाही विसरता येत नाही. लेखकाने तिथे काही उडवले नाही, काही बोलके केले नाही.

यावरून आम्ही एवढेच म्हणू. ज्या लेखनात विपरीत घडते पण त्यात पलंग, तुळई, चहा, टोमॅटो असे हाताला लागणारे काही नसते, ते खोटे आक्रीत. ज्या लेखनात विपरीत घडताच लेखक कोप, पाप किंवा व्यवस्था यांतले एक कारण पुढे करून मोकळा होतो, ते अर्धे आक्रीत. कारण शोधणे हे भूवैज्ञानिकाचे आणि अभियंत्याचे काम आहे आणि ते त्यांनी केलेच पाहिजे. दगडी भिंतीत जोडदगड का घालायचा, हे माहीत असते तर माणसे वाचली असती. ललित लेखकाचे काम त्याआधीचे आहे.

या ठिकाणी कुरआनातल्या नव्व्याण्णवाव्या सूरहची आठवण होते. तिचे नावच अज़-ज़लज़ला, म्हणजे भूकंप. ती सूरह कयामतीविषयी आहे, एखाद्या गावच्या हादऱ्याविषयी नाही. कुठल्याही गावाला पापी ठरवण्यासाठी तिचा वापर करू नये. आम्ही लक्ष वेधतो ते एका वाङ्‌मयीन गोष्टीकडे. पृथ्वी हादरते, पोटातले ओझे बाहेर टाकते, तेव्हा तिथे माणसाच्या तोंडी पहिल्यांदा येतो तो एक साधा, भांबावलेला प्रश्न, की हिला झाले तरी काय. हिशेब नंतर येतो. आधी प्रश्न. 'आक्रीत' म्हणणारी आमच्याकडची म्हातारी नेमकी त्याच जागी उभी असते.

आमच्यापुढचे काम

सोलापूरला १९९० साली पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले. त्यानंतर तीन वर्षांत डिसेंबर १९९२ आले, जानेवारी १९९३ ची मुंबई आली, मार्चचे स्फोट आले आणि सप्टेंबरमध्ये किल्लारी. मुस्लिम मराठी लेखकाची लेखणी त्या काळात दंगलीकडे, संशयाकडे, अस्मितेच्या प्रश्नाकडे वळली, हे स्वाभाविक होते. ते लेखन आवश्यकच होते. पण त्यातून एक अपेक्षा घट्ट झाली. मुस्लिम लेखकाच्या जगण्यातली उलथापालथ म्हणजे दंगल, आणि त्याने तीच लिहावी. संपादक तेच मागतात, समीक्षक तेच शोधतात.

किल्लारीच्या पट्ट्यातला मुसलमान शेतकरी, कारागीर, मजूर माळवदाच्याच घरात राहत होता. त्याच्या घरावर तीच माती होती. त्याच्या आक्रीताला वेगळी ओळख नव्हती. मग ते लिहिताना त्याने आपली ओळख पटवून देण्याची गरज काय? भारूड आणि दास्तान ही दोन्ही घरे ज्याला वारशाने मिळाली, दखनी आणि मराठवाडी या दोन्ही बोली ज्याच्या जिभेवर आहेत, त्याने पांढरी उलटल्याची गोष्ट लिहायला घ्यावी. ती गोष्ट त्याची आहे, आणि ती सगळ्या गावाची आहे.

घाई करण्याचे एक कारण आहे. भूकंपाला तीस वर्षे उलटून गेली. त्या पहाटे जे तिशी-चाळिशीत होते ते आता म्हातारे आहेत, कित्येक गेले. दर ३० सप्टेंबरला किल्लारीत श्रद्धांजली वाहिली जाते, भाषणे होतात, आकडे पुन्हा सांगितले जातात. आकडे टिकतील, कारण ते कागदावर आहेत. पक्क्या घरात ज्वारीची पोती ठेवून अंगणात झोपलेल्या बाईने त्या रात्री आपल्या लेकराला काय सांगितले, हे कुठल्याच कागदावर नाही. जुन्या गावात कुणाचे घर कुणाला लागून होते, हे आता बोटांनी हवेत काढून दाखवणारी माणसे मोजकी उरली आहेत. आक्रीत सांगणाऱ्याबरोबर जाते. ज्यांना लिहिता येते त्यांनी आधी त्यांच्यापाशी जाऊन बसावे, आणि ऐकताना कारण विचारू नये.